दुझेचा एकच सिनेमा

नाटकातल्या नटीनं कॅमेऱ्यासमोर काय करायचं, आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे काय करायचं नाही, हे मला सगळ्यात नीट कळलं ते एलेओनोरा दुझेच्या मूकपटातून. ही इटलीची नटी, जन्म 1858 चा. म्हणजे आमच्या सांगलीत विष्णुदास भाव्यांनी ‘सीता स्वयंवर’ केलं 1843 ला, त्यानंतर पंधरा वर्षांनी. अख्खं घराणंच फिरत्या नाटक कंपनीतलं, आईबाप दोघंही नट, बिऱ्हाड पाठीवर घेऊन या गावातून त्या गावात. चार वर्षांची असताना पोरगी स्टेजवर उभी राहिली आणि चौदाव्या वर्षी व्हेरोनात, म्हणजे ज्युलिएटच्याच गावात, ज्युलिएट केली. त्याच काळात आपल्याकडच्या कंपन्यांमध्ये बायकांची कामं पुरुषच करत होते, हे डोक्यात ठेवून तिचं करिअर बघितलं की जास्तच थक्क व्हायला होतं.

त्या वेळी युरोपात सारा बर्नहार्ट या फ्रेंच नटीचा जमाना होता. भरजरी कपडे, लयदार आवाज, टाळीची वाक्यं, सगळं तिच्याकडं होतं. दुझेनं रंगच लावायचा सोडला. मेकअप जवळपास नाहीच, आणि समोरचा बोलत असताना ती खरंच ऐकायची. ऐकणं हेच तिचं अर्धं काम. 1895 ला लंडनमध्ये दोघींनी एकाच महिन्यात वेगवेगळ्या थिएटरात एकच नाटक केलं, ‘माग्दा’. त्यात माग्दाचा जुना प्रियकर, तिच्या मुलाचा बाप, बऱ्याच वर्षांनी समोर येतो असा सीन आहे. बर्नार्ड शॉ तेव्हा नाट्यसमीक्षा लिहायचा, त्यानं लिहून ठेवलंय की त्या सीनला दुझेच्या चेहऱ्यावर खरीखुरी लाली चढत गेली आणि ती लपवायला तिला तोंड ओंजळीत झाकावं लागलं. रंग फासलेल्या चेहऱ्यावर लाली दिसलीच नसती ना! त्याच्या चार वर्षं आधी रशियन लेखक चेखॉवनं पीटर्सबर्गला तिची क्लिओपात्रा बघितली आणि बहिणीला पत्र लिहिलं की मला इटालियन येत नाही, तरी प्रत्येक शब्द समजतोय असं वाटलं. त्याच 1891 साली तिनं इटलीत नॉर्वेच्या इब्सेनच्या ‘बाहुलीचं घर’ नाटकातली नोराही उभी केली.

इटलीचा कवी-नाटककार दानुंझिओ, त्याच्याबरोबरच्या तिच्या प्रेमप्रकरणावर पानंच्या पानं छापून आलीत, मला त्यात फारसा रस नाही. तिनं त्याची नाटकं हट्टानं केली, स्वतःचे पैसे घातले, एवढं पुरे. 1909 ला तिनं स्टेज सोडलं आणि 1914 ला रोममध्ये नट्यांसाठी एक घर आणि लायब्ररी काढली, म्हणजे फिरतीवरच्या पोरींना बसून वाचता यावं म्हणून. महायुद्धात ते बंद पडलं. मला तिचं हे काम फार मोठं वाटतं, कारण कंपनीतल्या मुलींना शिकायला वेळ मिळत नाही हे तिनं स्वतः भोगलेलं होतं.

आणि मग 1916, ‘चेनेरे’, म्हणजे राख. ग्रात्सिया देलेद्दाच्या कादंबरीवरून काढलेला, फेबो मारीनं दिग्दर्शित केलेला, आणि मुलाचं कामही त्यानंच केलंय. गोष्ट सार्डिनियातली. लग्नाशिवाय झालेलं पोर आई बापाच्या दारात सोडून जाते, मुलगा मोठा होऊन तिला शोधत येतो, आणि आपण त्याच्या वाटेत आडवे येतोय हे कळल्यावर ती स्वतःलाच संपवते. गोष्ट अशी की दुसरी कुठलीही नटी छाती पिटून रडली असती. दुझे तेव्हा साठीला टेकलेली, केस पांढरे, आणि ती फ्रेमच्या कडेला जाऊन उभी राहते, पाठ फिरवते, डोक्यावरून कापड ओढून घेते. क्लोजअप तिला नकोच होते. पण हात बघा तिचे! मुलगा समोर आल्यावर ते पुढं येतात आणि तिथंच थांबतात, आणि त्या थांबण्यात सगळी आई येते. त्या काळच्या मूकपटांत डोळे गरागरा फिरवणारे नट बघितल्यावर हे कुणी शंभर वर्षांपूर्वी केलंय यावर विश्वास बसत नाही.

सिनेमा चालला नाही. दुसरा तिनं केला नाही, विचार होते पण जमलं नाही. 1921 ला मात्र ती परत स्टेजवर आली, इब्सेनच्याच ‘समुद्रकन्या’ नाटकात, पांढऱ्या केसांनिशी. 1923 ला ‘टाइम’च्या मुखपृष्ठावर झळकलेली ती पहिली बाई. अमेरिकेच्या दौऱ्यात पिट्सबर्गला पावसात भिजली, न्यूमोनिया झाला आणि 21 एप्रिल 1924 ला तिथंच हॉटेलात गेली. फिरत्या कंपनीतच जन्म आणि दौऱ्यावरच शेवट.

आमच्याकडं राज्य नाट्य स्पर्धेच्या तालमी सुरू झाल्या की पहिली सूचना एकच असते, आवाज शेवटच्या रांगेपर्यंत गेला पाहिजे. ते बरोबरच आहे, भावे नाट्यमंदिरात पाठीमागं बसलेल्या माणसानंही तिकीट काढलेलं असतं. पण समोरचा बोलत असताना आपण काय करतोय, हात कुठं आहेत, हे कुणी विचारतच नाही आणि पोरं आपल्या पुढच्या वाक्याची वाट बघत नुसती उभी असतात. म्हणून यंदा तालमी सुरू व्हायच्या आधी ग्रुपला ‘चेनेरे’ दाखवायचा विचार आहे, पाऊण तासाच्या आतला आहे आणि नेटवर मिळतो. सांगली-मिरजेत कुणाकडं चांगला प्रोजेक्टर असेल तर कळवा, रविवारी संध्याकाळी बसू, आणि नाटक न करणारे आले तरी चालतील.