बसच्या रांगेतले प्रेम

गेल्या रविवारी पावसाने घराबाहेर पडू दिले नाही म्हणून आईबरोबर ‘छोटी सी बात’ पुन्हा पाहिला. कितव्यांदा, ते दोघींनाही आठवत नाही. बासू चटर्जींच्या १९७६ सालच्या या चित्रपटात अमोल पालेकरांचा अरुण बसस्टॉपवर प्रभासाठी रोज मनात वाक्ये जुळवतो आणि बस आली की ती तशीच गिळून टाकतो. तेवढ्यात असरानींचा नागेश स्कूटर घेऊन येतो आणि विद्या सिन्हांची प्रभा मागे बसून निघूनही जाते. त्या वेळी पालेकरांच्या चेहऱ्यावर राग नसतो, मत्सरही धड नसतो. तासभर ताटकळल्यावर बस न थांबता पुढे गेली की होतो, तसा नुसता हिरमोड असतो. मुलीच्या मागे मागे जाणे आज खटकते आणि ते खटकायलाच हवे. अरुणने खंडाळ्याला अशोककुमारांकडून घेतलेले प्रेमाचे धडे तर मला पूर्वीपासूनच लांबलेले वाटतात. तरीही या प्रेमकथा जुन्या होत नाहीत, कारण त्यांच्यात अडसर बहुधा खलनायकाचा नसून स्वतःच्याच संकोचाचा असतो.

बासू चटर्जींच्याच ‘मंज़िल’मध्ये (१९७९) लताबाईंच्या आवाजातले ‘रिमझिम गिरे सावन’ सुरू होते, तेव्हा अमिताभ बच्चन आणि मौसमी चॅटर्जी मुंबईच्या खऱ्याखुऱ्या पावसात नुसते चालत असतात. ना नाच, ना मागे नाचणारा ताफा. सूट चिंब झालेला, साडी अंगाला चिकटलेली आणि मरीन ड्राइव्हवर उसळणाऱ्या लाटा. आपल्या रोजच्या येण्याजाण्याच्या रस्त्यावर असे काही घडू शकते, हे त्या गाण्याने मला पटवले.

मुंबई सेंट्रलच्या मराठा मंदिरात १९९५ पासून वर्षानुवर्षे चाललेल्या ‘दिलवाले दुल्हनिया ले जायेंगे’मध्येही राज सिमरनला पळवून नेत नाही, तिच्या वडिलांच्या होकारासाठी थांबून राहतो. शेवट पाठ असलेले प्रेक्षक पुन्हा तिकीट काढत, ते मला वाटते त्या थांबण्यासाठीच.

आई सत्तरच्या दशकात फोर्टातल्या एका कचेरीत टायपिस्ट होती. पडद्यावरचा बसस्टॉप पाहून ती म्हणाली, “एवढी शिस्तीची रांग आमच्या नशिबी कधी नव्हती. पण ते रोज मागे येऊन उभं राहणं मात्र अगदी खरं आहे हो.”

“कोण उभं राहायचं?” मी विचारले.

ती चहा ठेवायला उठली.