तारकागुच्छातली घट

मे महिन्यात रात्री अकराच्या सुमारास चित्रा दक्षिणेला चांगली उंच आलेली असते. तिच्यावरून नजर सरळ खाली क्षितिजाकडे न्यायची. आमच्या ओतूरकडून क्षितिजाच्या वर तेवीस-एक अंशांवर, हवा स्वच्छ असेल तर, एक पुसटसा कापसाचा ठिपका दिसतो. तो ओमेगा सेंटॉरी, नरतुरंगातला गोलाकार तारकागुच्छ. टॉलेमीने त्याची नोंद तारा म्हणून केली होती. तो तारा नाही हे १६७७ मध्ये सेंट हेलेना बेटावरून एडमंड हॅलीच्या लक्षात आलं. माझ्या आठ इंची दुर्बिणीतून बघितलं की पिठीसाखर सांडल्यासारखे तारे दिसतात आणि मधे मधे एवढी दाटी की डोळा वेगळे करू शकत नाही. सुमारे १७ हजार प्रकाशवर्षांवर, एक कोटीच्या आसपास तारे.

पूर्वी मी दुर्बीण मळ्यात लावायची. आता बिबट्यामुळे ते बंद केलं. भाच्याच्या घराच्या स्लॅबवर लावते. खाली त्याची कांदाचाळ आहे, त्यामुळे मे महिन्यातल्या माझ्या सगळ्या निरीक्षणांना कांद्याचा वास आहे.

दोन वर्षांपूर्वी भाच्याने दुर्बिणीला डोळा लावला, बराच वेळ काही बोलला नाही, आणि मग विचारलं, "आत्या, एवढे तारे एकाला एक चिकटून, तर त्यांच्या मधे काय आहे?"

मी म्हटलं, "काहीच नाही, पोकळी." तो उठून चाळीकडे गेला, पण मला ते उत्तर रात्रभर टोचत राहिलं. मी ३१ वर्षं सहकारी संस्थांचं लेखापरीक्षण केलंय. दूध संस्था, विकास सोसायट्या, पतसंस्था. 'काहीच नाही' असं कुठल्या सचिवाने मला सांगितलं असतं तर मी तिथल्या तिथे गोदाम उघडायला लावलं असतं. मोजल्याशिवाय शून्य लिहायचं नसतं. तेव्हापासून मी हा एकच विषय वाचत बसले आहे.

सगळ्यात आधी कळलं ते असं की मधल्या जागेचा हिशेब तारकागुच्छांनीच लावून दिला. रॉबर्ट ट्रम्पलर हा मूळचा स्विस माणूस कॅलिफोर्नियातल्या लिक वेधशाळेत खुल्या तारकागुच्छांवर काम करायचा. खुले म्हणजे कृत्तिकेसारखे, सैलसर. सारख्या जातीचे गुच्छ आकाराने साधारण सारखेच असणार असं धरून त्याने त्यांची अंतरं काढली, ताऱ्यांच्या तेजावरून. तर निघालं असं की गुच्छ जितका लांब तितका तो खरोखरच मोठा! पृथ्वीपासून लांब जाईल तसतसे गुच्छ फुगत जातात, हे कसं मान्य करायचं? ट्रम्पलरने ते मान्य केलं नाही. १९३० मध्ये त्याने मांडलं की गुच्छ मोठे नाहीत, मधली धूळ प्रकाश कापून घेते आहे. तारे मंद दिसतात, म्हणून आपण त्यांना आहेत त्याहून लांब समजतो, आणि लांब समजलो की आकारही मोठा निघतो. मी हे वाचलं आणि खुर्चीतून उठले. मूळ खातं बरोबर होतं, पैसे वाटेत कमी होत होते. अशी प्रकरणं मी हाताळली आहेत, आणि ती शोधणं किती अवघड असतं ते मला माहीत आहे, कारण सगळे कागद बरोबर असतात.

कृत्तिकेचंही सांगून टाकते. फोटोत तिच्या ताऱ्यांभोवती जो निळसर धुरळा दिसतो तो त्यांच्या जन्माच्या वेळचा उरलेला ढग आहे असं मी शाळेपासून समजत होते. तसं नाही. कृत्तिकेचं वय दहा कोटी वर्षांच्या आसपास, जन्मावेळचं केव्हाच पांगलं. हा वेगळाच ढग आहे, वाटेत आडवा आलेला, आणि कृत्तिका सध्या त्यातून चालली आहे.

आता गोलाकार गुच्छाच्या आत. इथे दोन वेगळी खाती आहेत आणि ती एकत्र करू नयेत.

पहिलं खातं कृष्णद्रव्याचं. १९३३ मध्ये फ्रिट्झ झ्विकीने कोमा या दीर्घिकांच्या, म्हणजे आपल्या आकाशगंगेसारख्या ताराविश्वांच्या, समूहाचं वजन दोन तऱ्हांनी केलं, एकदा प्रकाशावरून आणि एकदा दीर्घिकांच्या वेगावरून. दोन्ही आकडे जुळेनात. वेग सांगत होते की दिसतं त्यापेक्षा कितीतरी जास्त काहीतरी तिथे आहे. १९७० च्या दशकात व्हेरा रुबिन यांनी देवयानी आणि इतर दीर्घिकांच्या फिरण्यातून तेच दाखवलं. तेव्हा साहजिकच वाटेल की ओमेगा सेंटॉरीसारख्या गुच्छातही हे न दिसणारं द्रव्य भरलेलं असणार. १९८४ मध्ये जिम पीबल्स यांनी तशी कल्पना मांडलीसुद्धा, की हे गुच्छ कृष्णद्रव्याच्या छोट्या गोळ्यांमध्ये जन्मले असतील.

पण मोजलं तर ताळेबंद जुळतो! गोलाकार गुच्छातल्या ताऱ्यांचे वेग मोजून वजन काढलं, तर ते सूर्याच्या हिशेबात प्रत्येक एक भाग प्रकाशामागे दोन भागांच्या आसपास येतं. आणि तेवढं तर साध्या ताऱ्यांतूनच भरून निघतं, कारण म्हाताऱ्या गुच्छात अंधूक तांबडे तारे आणि श्वेतबटू, न्यूट्रॉन तारे असे संपलेल्या ताऱ्यांचे उरलेले गाभे खूप असतात, ज्यांना वजन आहे पण उजेड फारसा नाही. वेगळं कृष्णद्रव्य दाखवायला जागाच उरत नाही. दुसरा पुरावा मला जास्त आवडतो. पालोमार ५ नावाच्या गुच्छातून ताऱ्यांच्या दोन लांब शेपट्या बाहेर ओढल्या गेलेल्या २००१ मध्ये स्लोन या आकाशाच्या सर्वेक्षणात दिसल्या. आकाशगंगेच्या ओढीने तारे सुटून चालले आहेत. भोवती कृष्णद्रव्याचं जड वेष्टण असतं तर त्याने ते तारे धरून ठेवले असते.

याच्या शेजारी सेग्यू १ नावाचा ताऱ्यांचा छोटा पुंजका ठेवून बघा. २००७ मध्ये सिंह राशीच्या दिशेला सापडला, ७५ हजार प्रकाशवर्षांवर. सगळा मिळून प्रकाश जेमतेम काही शे सूर्यांइतका. आधी वाटलं, सैल पडलेला गोलाकार गुच्छच आहे. मग ताऱ्यांचे वेग मोजले, आणि एका सूर्याइतक्या प्रकाशामागे हजारो सूर्यांचं वजन निघालं. म्हणजे तो गुच्छ नव्हे, बटू दीर्घिका. वरून बघितलं तर ओमेगा सेंटॉरी भलामोठा आणि सेग्यू १ म्हणजे चार कण, पण दीर्घिका ठरला तो लहान. बेथ विलमन आणि जे स्ट्रेडर यांनी २०१२ मध्ये तर दीर्घिकेची व्याख्याच अशी सुचवली की ज्या ताऱ्यांच्या समूहाचं वागणं साध्या द्रव्याने आणि न्यूटनच्या नियमांनी उलगडत नाही, ती दीर्घिका. मला ही व्याख्या फार पटते. मोठेपणावर न जाता हिशेब जुळतो की नाही यावर ठरवायचं.

(ओमेगा सेंटॉरी स्वतः बहुधा एका गिळलेल्या बटू दीर्घिकेचा उरलेला गाभा आहे. २०२४ मध्ये हबलच्या वीस वर्षांच्या छायाचित्रांतून त्याच्या मध्याजवळ सात तारे इतक्या वेगाने पळताना सापडले की तिथे किमान ८,२०० सूर्यांच्या वजनाचं कृष्णविवर असायला हवं. तेव्हा माझ्या ठिपक्याचं खातं अजून बंद झालेलं नाही.)

दुसरं खातं वायूचं, आणि यात तूट आहे.

गुच्छातले तारे बारा-तेरा अब्ज वर्षं जुने. त्यातला जो तारा आत्ता संपत आला आहे त्याचं वजन सूर्यापेक्षा थोडं कमी. तो फुगून तांबडा राक्षसी होतो, अंगावरचं सोडत जातो आणि शेवटी सूर्याच्या निम्म्याहून किंचित जड असा श्वेतबटू उरतो. म्हणजे दर ताऱ्यामागे साधारण तीन दशांश सूर्य एवढा वायू गुच्छात सुटतो. असे तारे सतत संपत असतात. गुच्छ काही कोटी वर्षांतून एकदा आकाशगंगेच्या तबकडीतून आरपार जातो तेव्हा तो वायू झाडला जातो, पण मधल्या काळात मोठ्या गुच्छात शेकडो सूर्यांइतका साठायला हवा. वर्षानुवर्षं दुर्बिणी लावून शोधला. जवळजवळ मिळेचना.

इथे मला एक जुनं प्रकरण आठवतं. एका संस्थेच्या चाळीत उन्हाळी कांदा भरलेला होता. दिवाळीच्या आधी काढला तर जवळजवळ तिसरा हिस्सा कमी. संचालकांनी सचिवाला चोर ठरवून टाकलं होतं, फक्त माझी सही हवी होती. मी पुढच्या हंगामापर्यंत सही केली नाही. त्या हंगामात त्याच चाळीतली एक गोणी बाजूला ठेवली आणि दर आठवड्याला वजन करायला लावलं. कुलूप माझं, किल्ली माझी. ती गोणीही तशीच हलकी होत गेली. कांदा सुकतो, सडतो, त्याला कोंब येतात. चाळीला वारा लागतो, लागायलाच हवा, त्या वाऱ्याबरोबर वजन जातं. याला आमच्या भाषेत घट म्हणतात आणि ती ताळेबंदात लिहिता येते, फक्त आधी मोजावी लागते. तो सचिव पुढे सन्मानाने निवृत्त झाला.

गुच्छातल्या वायूची गोणी तराजूवर कोणी ठेवली, तर स्पंदकांनी, म्हणजे गरगर फिरत ठरावीक ठेक्यात रेडिओ ठोके देणाऱ्या न्यूट्रॉन ताऱ्यांनी. ४७ टुकॅनी नावाचा गुच्छ आहे, सुमारे १५ हजार प्रकाशवर्षांवर. आपल्याकडून तो क्षितिजाच्या वर येतच नाही. ऑस्ट्रेलियातल्या पार्क्सच्या रेडिओ दुर्बिणीने त्यात एका सेकंदात शेकडो वेळा गिरक्या घेणारे कितीतरी स्पंदक शोधले. स्पंदकाची टिकटिक वाटेतल्या मोकळ्या इलेक्ट्रॉनमधून येते तेव्हा कमी कंप्रतेचे तरंग जास्त रेंगाळतात, जास्त कंप्रतेचे आधी पोचतात. दोघांमधल्या उशिरावरून वाटेत एकूण किती इलेक्ट्रॉन होते ते कळतं. पण हा आकडा पृथ्वीपासून तिथपर्यंतच्या सगळ्या वाटेचा. त्यातून गुच्छाच्या आतलं तेवढं वेगळं कसं काढणार?

तर असं. गुच्छाचं गुरुत्व प्रत्येक स्पंदकाला मध्याकडे ओढतं. मागच्या बाजूचा स्पंदक आपल्या दिशेने ओढला जातो, म्हणून त्याच्या टिकटिकीतलं अंतर हळूहळू कमी होताना दिसतं. पुढच्या बाजूचा आपल्यापासून लांब ओढला जातो, त्याचं उलटं. म्हणजे १५ हजार प्रकाशवर्षांवरून कोण पुढे आणि कोण मागे ते कळलं! पाउलो फ्रेरे आणि सहकाऱ्यांनी २००१ मध्ये पंधरा स्पंदक असे रांगेत लावले. त्यांच्या नेहमीच्या एककात सगळ्यांचा आकडा २४ च्या पुढे काहीतरी होता, फरक फक्त दशांश चिन्हाच्या उजवीकडे. पण मागच्यांचा आकडा थोडा जास्त, पुढच्यांचा थोडा कमी. तो फरक म्हणजे गुच्छातला वायू. दर १५ घन सेंटिमीटरमागे एक इलेक्ट्रॉन, म्हणजे वाढायच्या एका मोठ्या चमच्यात एक. गुच्छाच्या गाभ्यातला असा सगळा वायू गोळा केला तर सूर्याचा एक दशांश. २०१८ मध्ये जास्त स्पंदक घेऊन पुन्हा मोजलं, घनता तिपटीहून थोडी जास्त आली, पण शेकडो सूर्य कुठे आणि हे कुठे.

मग बाकीचा गेला कुठे? सगळ्यांचं एकमत नाही. मला पटतं ते असं की नुकताच जन्मलेला श्वेतबटू फार तापलेला असतो, त्याच्या अतिनील उजेडाने वायू तापतो, फुगतो आणि गुच्छाची पकड सोडून निघून जातो. स्पंदकांचा वाराही असतोच. चाळीला वारा लागतो.

हाच पाउलो फ्रेरे मला वाचताना पुढे आमच्या जुन्नर तालुक्यातल्या रेडिओ दुर्बिणीच्या कामात भेटला. खोडदची जीएमआरटी माझ्या घरापासून लांब नाही. तीस तबकड्या, प्रत्येकी ४५ मीटरच्या. यशवंत गुप्ता, स्कॉट रॅन्सम, ईश्वरचंद्र आणि फ्रेरे यांनी २००४ मध्ये तिथून एनजीसी १८५१ या गोलाकार गुच्छात पहिला स्पंदक शोधला. सेकंदाला दोनशे गिरक्या आणि जोडीदाराभोवती १८.८ दिवसांची अतिशय लांबट कक्षा. मी त्या काळात नारायणगावच्या रस्त्याने एसटीने आठवड्यातून दोनदा जायचे, तबकड्या वळलेल्या दिसायच्या. कुठे वळल्या आहेत हे विचारावंसं वाटलं नाही याचं आज वाईट वाटतं.

२८ फेब्रुवारीला विज्ञान दिनाला खोडदला जत्रा असते, शाळांच्या बसच्या बस येतात. यंदा मी भाच्याला घेऊन गेले. तिथल्या एका मुलीने वहीच्या कागदावर स्पंदकाचा ठोका काढून दाखवला. वरच्या कंप्रतेला आधी, खालच्या कंप्रतेला उशिरा, अशी तिरकी रेघ. "रेघ जितकी कललेली तितका माल मधे," ती म्हणाली. माल हा शब्द तिचाच. तो कागद मी मागून घेतला.

मे महिन्यात पुन्हा स्लॅबवर गेलो. दोनच्या सुमारास ठिपका डोंगराच्या कडेला टेकला. भाचा दुर्बिणीवरून उठला आणि म्हणाला, "म्हणजे आत्या, आहे थोडं. आणि बाकी घट."

"हो," मी म्हटलं, "आणि मोजलेली."

मग तो खाली गेला. वारा पडला होता. चाळीच्या पश्चिमेकडचा बारदानाचा पडदा त्याने वर गुंडाळून बांधला.