पन्हाळा ते मसाई पठार : कळलावीची ओळख आणि वाटेची माहिती

कळलावी फुलली की ती कोणीही ओळखतो. कस लागतो तो फुले येण्यापूर्वीची वेल ओळखताना. काही वेली फुललेल्या आणि काही अजून नुसत्याच वर चढत असलेल्या एकाच वाटेवर पाहायला मिळाव्यात, या हेतूने श्रावणात कोल्हापूरहून पन्हाळा आणि तेथून पायी मसाई पठार असा बेत आखला.

कोल्हापूरच्या मध्यवर्ती बसस्थानकावरून पन्हाळ्यासाठी एस. टी. मिळते आणि केर्ली, वाघबीळ मार्गे हे सुमारे २० किलोमीटरचे अंतर सहज पार होते. गडावरून राजदिंडीची वाट उतरून म्हाळुंग्याच्या दिशेने निघावे. १६६० साली शिवाजी महाराज सिद्दी जौहरच्या वेढ्यातून विशाळगडाकडे निसटले ती हीच वाट मानली जाते, त्यामुळे पावसाळ्यात येथे पदभ्रमण करणाऱ्यांची गर्दी असते. वनस्पती निवांत पाहायच्या असतील तर शनिवार-रविवार टाळावा.

कळलावी पठाराच्या उघड्या जांभ्या खडकावर शोधू नये. ती कुंपणांच्या आडोशाने, करवंदीच्या जाळ्यांतून आणि उताराच्या झुडपांतून वर येते, कारण तिच्या कोवळ्या खोडाला आधार लागतो. उतरणीवर पहिली वेल भेटली ती करवंदीतच, आणि तिला अजून कळीही नव्हती. अशा वेळी नजर पानाच्या टोकावर न्यावी. देठ नसलेले, भाल्यासारखे निमुळते, समांतर शिरांचे पान टोकाशी अरुंद होत जाते आणि शेवटी घड्याळातील कमानीसारखे वळून त्याचाच ताणा बनतो; याच ताण्याने वेल शेजारच्या काटकीला धरते. खालची पाने समोरासमोर किंवा तिनाच्या घेऱ्यात, तर वरची एकाआड एक दिसतात. याच जाळ्यांत घोटवेलही असते, पण तिचे ताणे पानाच्या देठाच्या बुंध्याशी फुटतात, पाने रुंद व जाळीदार शिरांची असतात आणि खोडाला बहुधा काटे असतात. करांद्याच्या जातीच्या वेलींना तर ताणाच नसतो. त्या स्वतःच आधाराभोवती गुंडाळत जातात. हा फरक नीट लक्षात ठेवावा, कारण करांदे खाण्यासाठी उकरले जातात आणि कळलावीचा कंद विषारी आहे.

फूल पाहताना रंगावर विसंबू नये. पाकळ्या उमलताना हिरवट-पिवळ्या असतात आणि पुढच्या काही दिवसांत नारिंगी होत अखेर लाल होतात, म्हणून एकाच वेलीवर दोन जातींची फुले असल्याचा भास होतो. पाकळ्या सहा, कडा लाटेसारख्या, आणि सगळ्या मागे उलटून वर वळलेल्या. सहा पुंकेसर बाजूंना पसरलेले. सर्वांत चोख खूण म्हणजे अंडाशयापासून जवळजवळ काटकोनात वळणारी कुक्षिवृंत, म्हणजे फुलाच्या मध्यातली बारीक दांडी. समोरून काढलेल्या छायाचित्रात ती हमखास झाकली जाते, तेव्हा एक छायाचित्र बाजूने, एक पानाच्या टोकाचे आणि एक संपूर्ण वेल आधाराच्या झुडपासह, इतके तरी घ्यावे. जवळ मोजपट्टी धरल्यास उत्तम. नोंदीत ग्लोरिओसा सुपर्बा असे लिहावे. लिनियसने १७५३ साली दिलेले हे नाव आजही कायम आहे. कुल मात्र जुन्या पुस्तकांत लिलीचे दिसते, आता ते कोल्चिकेसी मानले जाते.

वनस्पती बहुवर्षायू आहे, म्हणजे दिवाळीनंतर वेल वाळून गेली तरी जमिनीखाली इंग्रजी ‘व्ही’ अक्षरासारखा दुफाटी कंद जिवंत राहतो आणि पुढच्या पावसात पुन्हा फुटतो. ओळख पटवण्यासाठी तो उकरण्याची काहीही गरज नाही. म्हाळुंग्याच्या अलीकडे गुरे राखणाऱ्या मामांनी आम्हाला वेलीजवळ वाकलेले पाहून लांबूनच हटकले, “फुलं बघा, पर गड्डा उपसू नगासा, इखारी हाय त्यो.” मामांचे म्हणणे शास्त्राला धरून आहे. सर्व भागांत, विशेषतः कंद व बियांत, कोल्चिसिन हे विषारी द्रव्य असते. ते शिजवल्याने नाहीसे होत नाही, आणि लक्षणे काही तासांनी सुरू होत असल्याने गाफील राहण्याचा धोका मोठा असतो. आयुर्वेदात लांगली म्हणून तिची गणना उपविषांत होते, तेव्हा औषधी म्हणून घरी प्रयोग करण्याचा विचारही करू नये. पोटात गेल्याची शंका आली तरी उलटी-जुलाबांची वाट न पाहता थेट रुग्णालय गाठावे. वेल हाताळल्यास जेवणापूर्वी हात साबणाने धुवावेत.

म्हाळुंग्याच्या पुढे पठार लागते. तेथील वारा छत्री टिकू देत नाही, म्हणून रेनकोटच हवा. धुके उतरले की सपाटीवर दिशा समजेनाशी होते, अशा वेळी मळलेली वाट सोडू नये. जांभ्यावरची शेवाळ निसरडी असते, तर गवतात सापांचा वावर असतो, त्यामुळे घोटा झाकणारे, पकड असलेले बूट घालावेत. पाणी व शिदोरी पन्हाळ्यावरूनच बरोबर घ्यावी. डबक्यांच्या काठच्या सीतेची आसवे नावाच्या इवल्या फुलांवर पाय पडणार नाही, एवढे भान मात्र राखावे.

ज्यांना फळेही पाहायची आहेत त्यांनी ऑक्टोबरमध्ये यावे. तेव्हा लांबट बोंडे तीन बाजूंनी उकलतात आणि आतल्या नारिंगी-लाल बिया वाटेवरूनही दिसतात. बरोबर मुले असतील तर त्यांना या बिया गोळा करू देऊ नयेत.