बोरूकरांच्या शोधात: कान्हेरी ते जीपीओ

आमचा गेम महिनाभर अडकून पडला होता. दादरला मित्राकडे दर शनिवारी पाच जण बसतो, फासे टाकतो, काल्पनिक जगात हिंडतो, आणि गोष्ट रचायचं काम माझ्याकडे. या वेळी म्हटलं जादूगार नकोत, त्या काठ्या आणि आगीचे गोळे सगळ्यांना पाठ झालेत, त्यापेक्षा लेखनिकांचा एक संघ घालू, ते लिहितील ते खरं होतं. नाव ठेवलं बोरूकर. एकाने लगेच "बोरूबहाद्दर म्हण की" करून उडवलं ते ठीक, पण खरी वाट दुसऱ्याने लावली. पहिल्याच डावात त्याने लिहून घेतलं, "मी इथला राजा." झालं, गेम संपला, चहा मागवला.

म्हणजे माझ्या संघाला नियमच नव्हते. घरी बसून काही सुचेना, म्हटलं खरे लिहिणारे काय नियम पाळायचे ते बघू, शेवटी शुक्रवारी सुट्टी टाकली आणि सकाळी सकाळी बोरिवली गाठली.

नॅशनल पार्क सोमवारी बंद असतं हे मी पूर्वी एकदा हात हलवत परत येऊन शिकलेय, म्हणून शुक्रवार. पार्कातल्या कान्हेरीला बौद्ध लेणी शंभराच्या वर आहेत, सगळी बघायची म्हटलं तर गुडघे जातात, मी फक्त दगडात कोरलेल्या लेखांच्या मागे होते. ब्राह्मी, म्हणजे त्या लेखांची जुनी लिपी, मला येत नाही, वाचून छापलेल्या लेखांचे प्रिंट नेले होते आणि भिंतीला नाक लावून एकेक अक्षर जुळवत बसले. बाजूने एक शाळेची ट्रिप गेली, त्यातल्या एकाने विचारलं, "मावशी, काही हरवलं का?" (मावशी! असो.) अर्ध्या तासाने एक शब्द लागला, लेण. आपण आजही तोच वापरतो की. पुढे पाण्याच्या टाक्यापाशी दुसरा, पोढी, म्हणजे ते टाकंच. दगडाला हात लावायचा नाही म्हणून हवेतच बोटाने गिरवला.

त्या लेखांची गंमत म्हणजे ते सगळे एकाच घाटाचे. कोण, कुठला, धंदा काय, काय दिलं. हा कल्याणचा व्यापारी, तो सोपाऱ्याचा, म्हणजे लोकलच्या अनाउन्समेंटमध्ये ऐकू येणारी गावं दगडात. मी वहीत पहिला नियम लिहिला, नाव-गाव-काम सांगितल्याशिवाय बोरूकराची शाई उमटणार नाही.

दुसरा नियम मात्र खजिनाच निघाला. काही लेखांत अक्षयनीवी येते, म्हणजे अशी ठेव की मुद्दलाला कुणी हात लावायचा नाही, येईल त्या उत्पन्नातून भिक्षूंना वस्त्रं वगैरे द्यायची. याचा सगळ्यात भारी हिशोब नाशिकच्या लेण्यात आहे, तिथे क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याने ३००० कार्षापण (तेव्हाची नाणी) ठेवल्याचं कोरलंय, २००० विणकरांच्या एका श्रेणीकडे महिना शेकडा एकने आणि १००० दुसऱ्या श्रेणीकडे पाऊण टक्क्याने. श्रेणी म्हणजे कारागिरांचा संघच, आणि हा संघ चक्क बँक चालवतोय! मी पायरीवर बसून तिथल्या तिथे ठरवलं, प्रत्येक बोरूकराकडे अक्षरांचं मुद्दल, खर्च फक्त व्याज. हजार अक्षरं ठेवलीस तर महिन्याला दहा मिळणार, आता लिही काय लिहायचं ते. "मी इथला राजा" सहा अक्षरांत बसतं म्हणा, पण राहिलेल्या चार अक्षरांत महिनाभर राज्य करून दाखव.

एवढं सुचल्याच्या आनंदात असताना माकडाने मांडीवरचा चिवडा नेला. पुडीसकट.

९० नंबरचं लेणं बघितल्याशिवाय निघवेना. तिथे पहलवी, म्हणजे इराणच्या जुन्या लिपीत लेख आहेत, इ.स. १००९ आणि १०२१ चे, आलेल्या पारशी मंडळींनी आपापली नावं लिहून ठेवलीत. हजार वर्षांपूर्वीचं व्हिजिटर बुक. येताना एका भिंतीवर कुणीतरी खिळ्याने बदाम काढून आत दोन नावं घातलेली दिसली, ना गाव ना काम. अशांची शाई आमच्या संघात जप्त.

मग फास्ट लोकल, दुपारची म्हणून विंडो, चर्चगेटला उतरून फाउंटनवरून चालत जीपीओ, म्हणजे मुंबईचं मुख्य पोस्ट ऑफिस. जॉन बेगने बांधलेली ही इमारत १९१३ ला पूर्ण झाली, घुमट बघितला की विजापूरचा गोलघुमट आठवतोच. मला आत जायचंच नव्हतं, माझं काम रस्त्यापलीकडे होतं, ताडपत्रीखाली बसणाऱ्या पत्रलेखकांकडे. आता पत्रं कोण लिहून घेतंय, तार तर २०१३ लाच बंद झाली. एक काका मात्र होते, मांजरपाटात पार्सल शिवत. दाभण, सुतळी, लाख, सगळं एका डालडाच्या डब्यात. टाका इतका सरळ की मी बघतच राहिले.

आत्याला पाठवायच्या पुस्तकांचं पार्सल मी मुद्दाम सोबत नेलं होतं, तेवढंच बोलायला निमित्त. काका शिवता शिवता बोलत होते. पूर्वी लोक रांगेत उभं राहून पत्रं सांगायचे, रडायचे, शिव्या द्यायचे. "शिव्या पण लिहायचात?" मी विचारलं. "नाही ताई. म्हणायचो, शिव्या गावाला जाऊन स्वतः द्या, मी नाही लिहिणार." आणि लिहिलेलं वाचून दाखवल्याशिवाय पाकीट बंद करायचे नाहीत, समोरचा "हां, हेच" म्हणाला की मगच डिंक. दोन्ही नियम मी जसेच्या तसे वहीत उतरवले, माझ्या डोक्यातून यापेक्षा बरे निघाले नसते.

पार्सलचे पैसे दिल्यावर वही पुढे केली. म्हटलं, काका, पहिल्या पानावर तुमच्या अक्षरात एक नाव लिहून द्या, बोरूकर. त्यांनी पेन झटकला, लिहिलं, मग चष्म्यावरून बघत म्हणाले, "हे बोरू गाव कुठे आलं?"

मी म्हटलं, गाव नाहीये हो, अजून ठरायचंय.

"गाव नाही तर पोचणार कसं?" असं म्हणून त्यांनी खाली आपणहून दुसरी ओळ घातली, मार्फत जीपीओ, मुंबई ४०० ००१.