आईची भाषा चालते, मग आईची जमात?

2027 च्या जनगणनेत सगळ्यांचीच जात विचारणार हे ठरल्यापासून ते एक घर डोक्यातून जात नाहीये. 2011 चा फेब्रुवारी, शहाद्याकडे सातपुड्याच्या पायथ्याचं गाव, मी प्रगणक. प्रशिक्षणात सगळा जोर कशावर तर फॉर्मला घडी घालू नका, अक्षर चौकटीबाहेर जाऊ देऊ नका, कारण ते स्कॅन होणार. माणसं अडतात तिथे काय करायचं हे कोणी धड सांगितलंच नाही, त्याचा मला अजून राग आहे.

त्या घरात बाई पावरा, म्हणजे आदिवासी, नवरा मराठा होता, तो वारलेला, आणि मुलगी जन्मापासून आजोळीच वाढलेली. आठवा प्रश्न अनुसूचित जाती-जमातीचा. बाई म्हणाली, "गुरुजी, पोरगी पावराच लिहा." तिचा भाऊ लगेच, "बाप कुठे पावरा होता? उद्या दाखला अडकेल." आता जनगणनेची नोंद गुप्त असते, 1948 च्या कायद्याप्रमाणे ती पुरावा म्हणूनसुद्धा चालत नाही, दाखल्याशी तिचा संबंधच नाही, हे त्याला समजावण्यातच बराच वेळ गेला.

मी पावरा लिहिलं. अनुसूचित जमातींच्या यादीत पावरा भिल्लांच्याच नोंदीत येतात, तिथे अडचण नव्हती. संध्याकाळी पर्यवेक्षक म्हणाले, बापाची जात लावा. मी नाही बदललं. माहिती देणारा सांगेल ते लिहायचं, दाखला मागायचा नाही, हाच तर नियम, आणि साहेबांनी तो वाचलेला नव्हता.

त्याच फॉर्मवर दहावा प्रश्न मातृभाषेचा, म्हणजे लहानपणी आई मुलाशी जी बोलली ती. अकराव्यात येणाऱ्या इतर भाषा, दोनपर्यंत. म्हणजे भाषा आईकडून चालते, वर आणखी दोन चालतात, जमात मात्र एकच आणि ती बापाचीच असं साहेब गृहीत धरून बसलेले. पुढे 2012 मध्ये सुप्रीम कोर्टानंच सांगितलं की बाप बिगरआदिवासी आणि आई आदिवासी असेल तर मूल बापाच्या जातीचं हे गृहीतक अंतिम नाही, ते कुठे, कोणात वाढलं ते बघा.

अमेरिकेत 2000 पासून एकापेक्षा जास्त वंशांवर खूण करता येते. 2010 ला असे 90 लाख होते, 2020 ला 3 कोटी 38 लाख, आणि त्यातली बरीच वाढ प्रश्नाची मांडणी आणि कोडिंग, म्हणजे आलेल्या उत्तरांचं वर्गीकरण, बदलल्यामुळे. रकाना बदलला की आकडा बदलतो, म्हणून तर म्हणतो, या वेळी आंतरजातीय घरांसाठी काय लिहायचं ते पुस्तिकेत उदाहरणासकट छापा, पर्यवेक्षकाच्या मर्जीवर सोडू नका.