शत्रूच्या नजरेतून लिहिणारा पटकथाकार

गेले काही दिवस बल्गेरियन पटकथाकार आंजेल वागेनश्टाईन यांनी मनात घर केले आहे. आज ‘तारे’ हा त्यांचा १९५९ सालचा चित्रपट पुन्हा पाहिला आणि लिहायला बसलो.

१९२२ मध्ये प्लॉव्हडिव्हच्या ज्यू कुटुंबात जन्मलेले वागेनश्टाईन युद्धकाळात सक्तमजुरीच्या छावणीतून निसटून पार्टिझनांना, म्हणजे फॅसिस्टविरोधी गनिमी लढवय्यांना, मिळाले, पकडले गेले आणि १९४४ मध्ये त्यांना मृत्युदंड सुनावण्यात आला. सप्टेंबरमध्ये सत्तापालट झाला म्हणून ते वाचले. पुढे मॉस्कोत ते पटकथालेखन शिकले. एवढे सोसलेल्या माणसाने सूडाची कथा लिहिली असती, तरी कोणी त्याला बोल लावला नसता. त्यांनी मात्र नायक केला तो वॉल्टर, जर्मन सैन्यातला एक चित्रकार.

चित्रपटात १९४३ मध्ये आउश्वित्झच्या मृत्युछावणीकडे नेल्या जाणाऱ्या ग्रीक ज्यूंना बल्गेरियातल्या एका गावात डांबले आहे. त्यांच्यातली रूथ काटेरी तारेपलीकडून वॉल्टरला विनवते की एक बाई अडली आहे, मदत करा. तो आधी नकार देतो आणि नंतर डॉक्टरला घेऊन येतो. त्या नकारापासून डॉक्टर येईपर्यंतच्या अवधीत एका माणसाची सदसद्विवेकबुद्धी जागी होताना दिसते, आणि त्यासाठी लेखकाने त्याच्या तोंडी एकही भाषण घातलेले नाही, याचे मला फार अप्रूप वाटते.

आपल्या जुन्या हद्दीतले सुमारे ४८,००० ज्यू वाचले, हे बल्गेरियात अभिमानाने सांगितले जाते. परंतु ताब्यातल्या थ्रेस आणि मॅसिडोनियातून ११,००० हून अधिक ज्यूंना त्याच वर्षी बल्गेरियन यंत्रणेनेच पकडून नाझींच्या हाती दिले होते. हा विषय १९५९ मध्येच पडद्यावर आणायला धैर्य लागले असणार. कोनराड वोल्फ यांनी दिग्दर्शित केलेल्या या पूर्व जर्मन-बल्गेरियन चित्रपटाला कान महोत्सवात परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला, तोही बल्गेरियाच्या नावावर.

नंतर वोल्फ यांच्यासाठी ‘गोया’ आणि दिग्दर्शक हेरमान त्शोखे यांच्यासाठी अंतराळकथेवरचा ‘एओलोमेआ’ अशी कामे झाली, आणि पंचाहत्तरीनंतर ते कादंबरीकडे वळले. २०२३ मध्ये, वयाच्या शंभराव्या वर्षी ते गेले. तरीही मला त्यांची सर्वांत मोठी लेखनकृती ‘तारे’च वाटते, कारण वॉल्टरला रूथला वाचवू देण्याचा मोह त्यांनी टाळला: सहकारी त्याला गाडीची चुकीची वेळ सांगतो, आणि जाग आलेली माणुसकी उशिराच पोहोचते.