अंधारातली आजी

ठाण्याच्या नौपाड्यातल्या एका छोट्या हॉलमध्ये आम्ही महिन्यातून एकदा शॉर्टफिल्म दाखवतो. प्रोजेक्टर माझ्या ताब्यात. त्या शनिवारी शो साडेसहाचा होता, टेस्टिंग साडेचारला.

कळव्याच्या एका मुलीची ती पहिलीच फिल्म, बारा मिनिटांची. फाइल तिने मेसेजवरून पाठवलेली, जेमतेम 60 एमबी. मोबाइलवर मी पाहिली तेव्हा ठीक वाटली होती. दहा फुटी पडद्यावर लावली आणि शेवटचा शॉट आला. घरातले लाइट गेलेत, आजी कोपऱ्यात बसून लसूण सोलतेय. म्हणजे, सोलत असावी. पडद्यावर नुसते काळे-करडे चौकोन वळवळत होते.

"दादा, आजी कुठंय?" तिचा आवाज कापरा झाला.

बारा मिनिटं 60 एमबीत कोंबली की सेकंदाला एक मेगाबिट, म्हणजे एमबीचा आठवा भागही, वाट्याला येत नाही. फाइल बारीक करताना डोळ्यांना कमी दिसणारं आधी उडवलं जातं, आणि पहिला बळी अंधाराचा. त्यात पदरमोड करून केलेली फिल्म. लाइट भाड्याने आणायला पैसे कुठले? खिडकीतून येईल तेवढ्या उजेडात शूट, मग चित्रात कणकण येतातच. ते कण सांभाळायला उलट जास्त डेटा लागतो. मोबाइलवर पाहून मी 'ओके' कळवलं होतं, ही चूक माझीच.

मूळ फाइल घरच्या कॉम्प्युटरवर होती, सेकंदाला 50 मेगाबिटची, साडेचार जीबी. तिच्या भावाला फोन लावला. पेन ड्राइव्ह 32 जीबीचा, तरी कॉपी होईना. ड्राइव्ह फॅट32 या जुन्या फॉरमॅटमधला, आणि त्यात चार जीबीच्या वरची एक फाइल बसत नाही, हे त्या पोराला कुठून ठाऊक असणार! मोठ्या फाइल चालणाऱ्या एक्सफॅटमध्ये फॉरमॅट करायला लावलं. कळवा ते ठाणे एकच स्टेशन, पण तो धापा टाकत पोचला तेव्हा सहा वाजून गेले होते. पुन्हा टेस्टिंगला वेळच नव्हता.

शोमध्ये शेवटचा शॉट आला. आधी अंधार, मग त्यातून आजीची बोटं, आणि लसणाचं सालपट उडताना क्षणभर चमकलं.

बाहेर चहा घेताना एक काका तिच्याजवळ आले. मला वाटलं, आता फिल्मचा अर्थ विचारणार.

"लसूण गावठी होता ना? पाकळ्या बारीक होत्या."

तिने माझ्याकडे पाहिलं आणि हसत सुटली.